‘स्त्री-आरोग्य पॅकेज’मधली पॅप तपासणी : खोलीत उत्तम, काउंटरवर निराशा

पुण्यातल्या एका मोठ्या खासगी रुग्णालयात चाळिशीपुढच्या स्त्रियांसाठी आरोग्य तपासणीचे जे पॅकेज आहे, ते मी फेब्रुवारी २०२५ मध्ये घेतले. रक्त, साखर, थायरॉइड, पोटाची सोनोग्राफी, मॅमोग्राफी आणि पॅप स्मिअर असे सगळे मिळून साडेसहा हजार रुपये पडले. रक्त आणि सोनोग्राफीबद्दल लिहिण्यासारखे विशेष काही घडले नाही. हे परीक्षण केवळ पॅप स्मिअरचे, म्हणजे गर्भाशयमुखाच्या पेशींच्या तपासणीचे आहे, कारण त्या साडेसहा हजारांत कर्करोग होण्याच्या आधीच त्याची वाट अडवणारी तपासणी ही एकच होती आणि रुग्णालयाचे सर्वांत कमी लक्ष तिच्याकडेच होते. माझ्या तक्रारी व्यवस्थापनाला लेखी कळवून झाल्या आहेत, म्हणून येथे रुग्णालयाचे नाव देत नाही. शिवाय दोन मैत्रिणींना दुसऱ्या दोन ठिकाणी जवळपास असाच अनुभव आला, तेव्हा दोष एकाच इमारतीचा नसावा.

नोंदणी फोनवर झाली. बोलणाऱ्या मुलीने बारा तास उपाशी राहायला सांगितले, पाणी चालेल असे सांगितले, सोनोग्राफीसाठी लघवी धरून ठेवण्याची सूचना दोनदा केली, परंतु पॅप तपासणीसाठी एक अक्षर काढले नाही. या तपासणीसाठी पाळी चालू नसावी लागते आणि आधीचे दोन दिवस शरीरसंबंध टाळावा लागतो, तसेच योनिमार्गात ठेवायच्या गोळ्या किंवा मलम वापरायचे नसते, अन्यथा काचपट्टीवर पेशींऐवजी रक्त नाहीतर औषधच दिसते. मला हे ठाऊक होते म्हणून मी तारीख त्या हिशेबाने मागितली. माझ्या आधीच्या क्रमांकाच्या बाई चाकणहून सकाळी सहाला निघून, रजा टाकून, उपाशीपोटी आल्या होत्या आणि त्यांना टेबलावर झोपल्यावर कळले की खाज येते म्हणून त्या रात्री ठेवत असलेल्या गोळ्यांमुळे आज नमुना घेता येणार नाही. ‘पुन्हा कधीतरी या, चार्ज लागणार नाही,’ असे त्यांना काउंटरवर सांगण्यात आले. दुसरी रजा आणि दुसरा प्रवास कोणाच्या खर्चाने, हा प्रश्न त्यांनी विचारला नाही; मीच मनात विचारला. फोनवरच्या त्या मुलीच्या समोर लिहिलेल्या सूचनांत दोन ओळी वाढवल्या असत्या तर हे टळले असते.

तपासणीच्या खोलीबद्दल मात्र मनापासून चांगले लिहिते. खोलीला आतून कडी होती, टेबलाचे पायाकडचे तोंड दाराकडे नव्हते आणि अंगावर घ्यायला स्वच्छ चादर होती. ज्यांनी सरकारी किंवा खासगी प्रसूतिगृहात उघड्या पडद्यामागे ‘आतून तपासणी’ करून घेतली आहे त्यांना या तीन गोष्टींचे मोल सांगायला नको. नमुना घेणाऱ्या सिस्टर पन्नाशीच्या असाव्यात. त्यांनी आधी स्पेक्युलम, म्हणजे योनिमार्ग हलकेच उघडा धरणारे चोचीसारखे उपकरण, हातात घेऊन दाखवले, ते कोमट पाण्याखाली धरले आणि म्हणाल्या, ‘ताई, गुडघे सैल सोडा, श्वास रोखू नका. मी प्रत्येक वेळी सांगेन आणि मगच हात लावीन. थांब म्हणालात की थांबणार.’ त्यांनी शब्द पाळला. स्पेक्युलम घालताना दाब जाणवतो, बारीक ब्रश गर्भाशयाच्या तोंडाशी फिरवताना पाळीच्या पहिल्या दिवसासारखी एक कळ येऊन जाते आणि तोवर काम झालेले असते. टेबलावर झोपल्यापासून उठेपर्यंत चार मिनिटे लागली असतील, त्यांतला नमुन्याचा वेळ एक मिनिटाहूनही कमी. ब्रशचे टोक त्यांनी द्रवाच्या बाटलीत बुडवले, बाटलीवर माझे नाव आणि जन्मतारीख माझ्याच समोर लिहिली आणि मला वाचायला लावली. दुसऱ्या दिवशी किंचित डाग दिसला. तसा दिसू शकतो हेही त्यांनी आधीच सांगून ठेवले होते. ‘कपडे काढायला लागतात, लाज वाटते आणि दुखतंच असणार’ या तीन कारणांनी आमच्या महाविद्यालयातल्या निम्म्या सहकारी ही तपासणी वर्षानुवर्षे पुढे ढकलत आल्या आहेत. त्यांतले दुखण्याचे कारण मला खोटे वाटले आणि लाजेचे कारण अशा सिस्टर असतील तर अर्धे उरते.

निराशा अहवालापासून सुरू झाली. पाचव्या दिवशी मोबाइलवर पीडीएफ आली. सगळे इंग्रजीत, तेही पेशीतज्ज्ञांच्या भाषेत. मी ग्रंथपाल आहे, शोधून वाचणे हा माझा पोटाचा धंदा आहे, तरीही ‘दाहजन्य बदल’ अशा अर्थाच्या ओळीपाशी मी अडखळले. त्या रात्री झोप लागली नाही. दुसऱ्या दिवशी वाचून समजले की अहवालातील ‘एनआयएलएम’ ही चार अक्षरे म्हणजे कर्करोगाच्या दिशेने जाणारा कोणताही बदल आढळला नाही असा स्पष्ट निर्वाळा असतो आणि दाह हा साध्या जंतुसंसर्गानेही होतो, त्याचा कर्करोगाशी संबंध लावायचा नसतो. हे दोन वाक्यांत मराठीत लिहून त्या पीडीएफला जोडायला किती खर्च येतो? पॅकेजमध्ये डॉक्टरांची भेट होती, पण ती सर्वसाधारण डॉक्टरांची. त्यांनी दहा मिनिटे माझ्या कोलेस्टेरॉलवर घालवली आणि पॅपच्या पानावरून ‘नॉर्मल’ म्हणत पुढे गेले. स्त्रीरोगतज्ज्ञांना भेटायचे असल्यास वेगळे नऊशे रुपये लागत होते.

‘पुढची तपासणी कधी करायची?’ हा प्रश्न मी काउंटरवर विचारला. ‘पॅकेज वर्षाचं असतं, मॅडम,’ असे उत्तर मिळाले. या उत्तरासाठी मी या सेवेचे सगळ्यांत जास्त गुण कापते, कारण ते चुकीचे आहे आणि चुकीचे असूनही विक्रीच्या सोयीचे आहे. गर्भाशयमुखाचा कर्करोग जवळजवळ नेहमी ह्यूमन पॅपिलोमा या विषाणूच्या दीर्घकाळ टिकलेल्या संसर्गामुळे होतो. तो संबंध उलगडून दाखविल्याबद्दल हाराल्ड त्सुर हाउसेन यांना २००८ मध्ये नोबेल पारितोषिक मिळाले. शरीरसंबंध आलेल्या बहुतेक स्त्री-पुरुषांना हा विषाणू आयुष्यात केव्हा ना केव्हा गाठतो आणि बहुतेकांच्या शरीरातून तो वर्ष-दोन वर्षांत आपोआप जातो, म्हणून त्यावरून कोणाच्या चारित्र्याचा निवाडा करण्याचे कारण नाही. ज्या थोड्या स्त्रियांमध्ये तो ठाण मांडून बसतो, त्यांच्याही पेशी बिघडून कर्करोगापर्यंत पोहोचायला साधारणपणे दहा-पंधरा वर्षे किंवा त्याहून अधिक काळ लागतो. रोगाची चाल इतकी संथ असल्यामुळेच चांगला अहवाल आलेल्या स्त्रीने पॅप तीन वर्षांनी केली तरी चालते आणि विषाणूची तपासणी पाच वर्षांनी केली तरी पुरते. दरवर्षी पैसे घेऊन त्याच सुशिक्षित बायकांना पुन्हा पुन्हा तपासण्यात शहाणपण नाही, कारण खरा धोका कधीच टेबलावर न आलेल्यांना आहे. २०१९ ते २०२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणानुसार देशातील तीस ते एकोणपन्नास वयाच्या स्त्रियांपैकी केवळ १.९ टक्के स्त्रियांनी गर्भाशयमुखाच्या कर्करोगाची तपासणी आयुष्यात एकदा तरी करून घेतली होती. शंभरांत दोनसुद्धा नाहीत.

त्याच काउंटरवर मी विषाणूच्या तपासणीबद्दलही विचारले. अशी तपासणी मिळते, अठराशे रुपये अधिक द्यावे लागतात, पण ‘डॉक्टरांनी लिहून दिली तरच करतो’ असे समजले. पॅकेजच्या पत्रकावर तिचा उल्लेखही नव्हता. याचे वैषम्य का वाटले ते सांगण्यासाठी थोडे मराठवाड्यात जावे लागेल.

त्या वेळच्या उस्मानाबाद, म्हणजे आताच्या धाराशिव जिल्ह्यात १९९९ पासून एक फार मोठा अभ्यास झाला. मुंबईचे टाटा स्मारक रुग्णालय, बार्शीचे नर्गिस दत्त स्मारक कर्करोग रुग्णालय आणि जागतिक आरोग्य संघटनेची कर्करोग संशोधन संस्था यांनी मिळून तीस ते एकोणसाठ वयाच्या १,३१,७४६ स्त्रियांचे, गावांचे ५२ समूह पाडून, चार गट केले. एका गटाची विषाणूची तपासणी झाली, दुसऱ्याची पॅप, तिसऱ्याची सौम्य ॲसेटिक आम्ल लावून डोळ्यांनी करायची तपासणी आणि चौथ्या गटाला नेहमीची आरोग्यसेवा तेवढी मिळाली. प्रत्येकीची तपासणी एकदाच झाली आणि पुढे आठ वर्षे नोंद ठेवली गेली. २००९ मध्ये निष्कर्ष प्रसिद्ध झाले. विषाणूची तपासणी झालेल्या ३४,१२६ स्त्रियांत या कर्करोगाने ३४ मृत्यू झाले होते, तर तपासणी न झालेल्या ३१,४८८ स्त्रियांत ६४. पॅप आणि ॲसेटिक आम्लाच्या गटांत मृत्यूंमध्ये ठामपणे सांगता येईल अशी घट आढळली नाही. विषाणूची तपासणी पहिली असावी असे जग आज म्हणते, त्यामागच्या भक्कम पुराव्यांपैकी हा एक आहे आणि तो ज्वारीच्या शेतांतून उठून शाळेच्या खोलीत तपासणीला आलेल्या बायकांनी दिलेला आहे. पुण्यातल्या झगमगीत पत्रकावर त्याला एक ओळ नसावी, हे मला पटत नाही.

याच विषयातला दुसरा मोठा अभ्यास मुंबईच्या वस्त्यांमध्ये टाटा स्मारक रुग्णालयाने केला. तेथे सुमारे दीड लाख स्त्रियांपैकी अर्ध्या स्त्रियांची ॲसेटिक आम्लाची तपासणी दर दोन वर्षांनी, एकूण चार वेळा झाली. ती करणाऱ्या डॉक्टर नव्हत्या, तर खास प्रशिक्षण दिलेल्या आरोग्य कार्यकर्त्या होत्या. २०१३ मध्ये जाहीर झालेल्या निष्कर्षांनुसार त्या गटातील या कर्करोगाचे मृत्यू ३१ टक्क्यांनी घटले. दोन्ही अभ्यास शेजारी ठेवले की माझ्या मते एक गोष्ट उघड होते. आम्ल तेच, डोळे तसेच. धाराशिवला एका फेरीत जे साधले नाही ते मुंबईत चार फेऱ्यांत साधले. विषाणूची तपासणी एकदा करूनही बरेच काही पदरात पडते, परंतु स्वस्त तपासणी कामाची ठरायची असेल तर बायकांना पुन्हा बोलावणारे कोणीतरी असावे लागते. म्हणून अशा सेवेचा कस मी खोलीतल्या टाइल्सवर न लावता परत बोलावण्यावर लावते.

योगायोगाने त्याच हिवाळ्यात बार्शी तालुक्यातल्या आमच्या गावी आरोग्य उपकेंद्रात गर्भाशयमुखाच्या तपासणीचे शिबिर झाले आणि माझ्या थोरल्या जाऊबाई तेथे गेल्या. त्यांच्या परवानगीने लिहिते आहे. ‘माझं नाव नको, पण बाकी सगळं लिही,’ असे त्यांनी बजावले आहे. जाऊबाई शेहेचाळीस वर्षांच्या आहेत. कधीमधी अंगावरून पांढरे जाण्यापलीकडे त्यांना काही त्रास नव्हता आणि गावात आलेल्या आशाताईंनी फॉर्म भरता भरता आग्रह केला नसता तर त्या गेल्या नसत्या. उपकेंद्राची खोली पाहून मला पुण्याची आठवण येत राहिली. दाराला कडी नव्हती, म्हणून एक मावशी पाठ लावून उभ्या होत्या. उजेडाला विजेरी होती. बाहेरच्या बाकावर बसलेल्यांना आतले बोलणे ऐकू येत होते. येथे मी गुण कापते, आणि ‘सरकारी आहे, एवढं चालायचंच’ हे मी मान्य करत नाही.

तपासणी अगदी साधी होती. सामुदायिक आरोग्य अधिकारी असलेल्या मॅडमनी ॲसेटिक आम्लात भिजवलेला कापूस गर्भाशयमुखावर ठेवला, एक मिनिट थांबल्या आणि पाहिले. लोणच्याच्या व्हिनेगरमध्ये असते तेच हे आम्ल. बिघडलेल्या पेशींचा भाग त्याने पांढरा पडतो आणि निकाल त्याच जागी कळतो; नमुना शहरात पाठवा, अहवालाची वाट पाहा, हा खेळ नाही. जाऊबाईंच्या बाबतीत पांढरा चट्टा दिसला. मॅडमनी त्यांना बाजूला बसवून सांगितले, ‘हा कॅन्सर नाही. कॅन्सर होऊ नये म्हणून मोठ्या मशीनमधून एकदा बघायचंय.’ चिठ्ठी दिली आणि रजिस्टरात फोन नंबर दोन घेतले, त्यांतला एक माझा. या तपासणीत पांढरे दिसलेल्या कित्येकींना पुढे काहीच निघत नाही, ही तिची मर्यादा आहे. पाळी गेलेल्या स्त्रियांत तर ज्या पट्ट्यात बिघाड सुरू होतो तो पट्टाच आत सरकलेला असल्यामुळे ती फारशी भरवशाची राहत नाही, म्हणून आमच्या सासूबाईंना शिबिरात पाठवण्याऐवजी मी विषाणूच्या तपासणीसाठी पुण्याला घेऊन आले.

पुढे जे घडले त्यासाठी उपकेंद्राला माझे पूर्ण गुण आहेत. जाऊबाई गप्प बसल्या. सोयाबीनचे पैसे यायचे होते, मग पुतणीचे लग्न होते, मग ‘काही होत तर नाहीये’. आशाताईंनी तीन वेळा फोन केला, चौथ्या वेळी घरी आल्या आणि पाचव्या वेळी तालुक्याच्या बसमध्ये सोबत बसल्या. मोठ्या रुग्णालयात कोल्पोस्कोपी, म्हणजे भिंगातून तपासणी झाली, एक बारीक तुकडा काढला गेला आणि कर्करोगाच्या आधीची, मध्यम स्वरूपाची अवस्था असल्याचे निघाले. जागा बधिर करून, विजेच्या तारेच्या फाशाने तेवढा भाग काढला. दुपारी जेवून त्या संध्याकाळच्या गाडीने घरी आल्या. पिशवी काढावी लागली नाही, ना किरणोपचार झाले, ना केमो. शिबिरापासून या दिवसापर्यंत अकरा आठवडे गेले, त्यांतले पाच केवळ भिंगाच्या तपासणीची तारीख मिळण्यात. ही दिरंगाई अक्षम्य आहे आणि आशाताई नसत्या तर हे पाच आठवडे कायमचे झाले असते. त्याच अकरा आठवड्यांत पुण्याच्या रुग्णालयाकडून मलाही चार संदेश आले होते : दोन ‘फुल बॉडी’ तपासणीवरील सवलतीचे, एक महिलादिनाचा आणि एक माझ्या यजमानांच्या हृदयासाठीचा.

पॅकेज घेतले त्या दिवशी या विषाणूवरील लसीचीही विचारणा झाली. माझी मुलगी तेरा वर्षांची आहे. लसीच्या खिडकीवरचे काम चोख होते, थंड पेटीतून काढलेल्या कुपीवरची मुदत मला दाखवली गेली आणि मुलीला पंधरा मिनिटे बसवून ठेवले. आम्ही पुण्याच्याच सीरम इन्स्टिट्यूटची सर्वाव्हॅक घेतली. २०२२ मध्ये परवानगी मिळालेली ही पहिली भारतीय बनावटीची लस विषाणूच्या ६, ११, १६ आणि १८ या चार प्रकारांवर आहे आणि सुमारे सत्तर टक्के गर्भाशयमुखाच्या कर्करोगांमागे १६ आणि १८ हेच प्रकार असतात. नऊ ते चौदा वयात दोन मात्रा सहा महिन्यांच्या अंतराने देतात, पंधरानंतर तीन. २०२२ च्या अखेरीपासून जागतिक आरोग्य संघटना मुलींसाठी एक मात्राही पुरेशी धरते. उरलेल्या प्रकारांपासून ही लस पुरते संरक्षण देत नाही, त्यामुळे मोठेपणी मुलीलाही तपासणी करावी लागेल, हे मात्र मला खिडकीवर कोणी सांगितले नाही. दुसऱ्या मात्रेची आठवण वेळेवर आली. लसीची आठवण करून देणारी यंत्रणा ज्या इमारतीत आहे तिला पॅपची आठवण का करून देता येऊ नये?

या रुग्णालयात पुन्हा जाईन का? त्या सिस्टर आहेत तोवर जाईन, परंतु पॅकेज घेणार नाही. केवळ विषाणूची तपासणी मागेन, चिठ्ठी आमच्या नेहमीच्या डॉक्टरीणबाईंकडून आधीच लिहून नेईन आणि अहवाल त्यांच्याचकडे वाचून घेईन. ज्यांना टेबलावर झोपणे नकोच वाटते त्यांनी स्वतःच्या हाताने नमुना घेण्याची सोय आहे का हे जरूर विचारावे. विषाणूच्या तपासणीसाठी असा नमुना चालतो, पॅपसाठी चालत नाही. मात्र संबंधानंतर रक्त जात असेल, पाळी गेल्यावर पुन्हा रक्त दिसले असेल किंवा वास येणारा स्राव होत असेल, तर यांतले कोणतेही पॅकेज किंवा शिबिर उपयोगाचे नाही, सरळ स्त्रीरोगतज्ज्ञांकडे जावे. आधी आलेला चांगला अहवालही अशा वेळी गृहीत धरू नये.

सिस्टरांना पाचपैकी पाच, खोलीला साडेचार, अहवालाला दीड आणि काउंटरला शून्य. उपकेंद्राच्या खोलीला एक, आशाताईंना किती द्यावे हे या मोजपट्टीत बसत नाही. माझ्या लेखी तक्रारीला रुग्णालयाने नवव्या दिवशी उत्तर पाठवले : अभिप्रायाबद्दल आभार मानले होते आणि पुढच्या वर्षीच्या पॅकेजवर पंधरा टक्के सवलत देऊ केली होती.